मुकाट मुलखातला निरोप

गुरुजी, मी लिहितेय. खिडकीजवळ बसायची ती, बोलून बोलून तुमचं डोकं उठवणारी. तुम्ही गेलात तेव्हा मला नुकती साडी नेसता यायला लागली होती, आणि आता माझ्या नातीचे दुधाचे दात पडायला लागलेत. म्हणजे पत्राला जरा उशीरच झालाय. पण तुम्ही उशिरा आलेल्यालाही वर्गात घ्यायचात. एवढंच म्हणायचात, की आत येताना पायांचा आवाज नको. तशीच येतेय, चपला बाहेर काढून.

विचारायचं होतं ते असं, की मुकाट मुलूख तुम्ही मनानं रचला होता का? तुम्ही समोर होतात तेव्हाच विचारायला पाहिजे होतं. पण तेव्हा मला वाटायचं, आमच्या गुरुजींना गणित कमी आणि थापा जास्त येतात. राग मानू नका. तुम्ही आता छडी मारू शकत नाही म्हणून सांगतेय.

शनिवारी सकाळची शाळा. शेवटचा तास. लोणी काळभोरच्या पुढं आपली दोन खोल्यांची शाळा, मागं ऊस, पुढं कालवा. तुम्ही दार ओढून घेता, फळा पुसता आणि त्या काळ्याकुट्ट फळ्याकडे बोट करून म्हणता, "हा मुकाट मुलखाचा नकाशा." आम्ही पोरं डोळे ताणून बघतो. "काही दिसत नाही ना? मग बरोबर काढलाय." सोलापूरच्या रस्त्यानं कितीही चाललं तरी न लागणारा तो मुलूख. तिथं देव एकच, थोरला. थोरला म्हणजे शांतता. सगळ्याच्या आधी तो होता, एकटा, न बोलता. मग कधीतरी त्याच्या मांडीवर आवाज जन्माला आला. आवाज म्हणजे त्याचं लाडावलेलं पोर. दिवसभर धिंगाणा घालतं, पण झोपायला त्याच्याच कुशीत येतं. तिथल्या देवळात मूर्ती नाही, गाभारा मोकळा. दारात घंटा आहे, पण तिच्या आतला लोळा काढून टाकलाय. लोक दोरी ओढतात, घंटा हलते, वाजत नाही, आणि ते न वाजणं ऐकून लोक हात जोडतात. तिथला कुंभार मडकं विकतो तेव्हा माती नाही विकत, आतली पोकळी विकतो. रस्त्यात दोन माणसं भेटली की आधी एक श्वासभर गप्प उभी राहतात आणि मग बोलतात, कारण थोरल्याला विचारल्याशिवाय त्याच्या पोराला घराबाहेर काढायचं नसतं.

आणि त्या मुलखात प्रत्येक माणसाबरोबर एक सोबती जन्माला येतो. तो थोरल्याचाच एक तुकडा. माणूस बोलतो तेव्हा तो शेजारी बसून ऐकतो. माणूस गप्प झाला की तो शेजारी आहे हे कळतं.

मी हात वर करते. "गुरुजी, मुकाटात लोकांना शिंक आली तर वो?" वर्ग फिदीफिदी हसतो. तुम्ही हसत नाही. "बाहेर जा. कालव्याच्या कडेला उभी राहा. सगळं ऐकून झालं की परत ये." मी गेले. ऊन चढलं होतं. पाणी वाजत होतं, लांब कुणाचं तरी इंजिन फुटफुटत होतं, होले घुमत होते, उसाची पानं एकमेकांना घासत होती. मी सगळे आवाज एकेक करून बोटांवर मोजून घेतले. घेऊन संपले. आणि सगळे घेऊन झाल्यावर मागं काहीतरी उरलं होतं, जे वाजत नव्हतं. ते माझ्या डाव्या खांद्यापाशी येऊन उभं राहिलं. मान वळवायची माझी छाती झाली नाही. मी पळत आले आणि म्हटलं, "गुरुजी, तिथं कोणतरी हाय." तुम्ही खडू खाली ठेवलात. "हाय नाही, आहे," म्हणालात आणि मला जागेवर बसवलंत. पोरांना वाटलं तुम्ही माझी भाषा सुधारली. मलाही परवापरवापर्यंत तेच वाटत होतं.

सोबत्याचे नियम तुम्ही आमच्याकडून पाढ्यांसारखे म्हणवून घेतले होते. माणूस मेला तरी त्याचा सोबती लगेच जात नाही. माणूस रोज बसायचा तिथं बसून राहतो. घरच्यांनी त्याला निरोप द्यायचा असतो. दिवेलागणीला घर गप्प करायचं, गेलेल्याचं पूर्ण नाव एकदाच मोठ्यानं घ्यायचं, आणि तो उठून दाराबाहेर पडेपर्यंत तोंड उघडायचं नाही. निरोप होईपर्यंत त्याला हाक मारायची नाही, बस म्हणायचं नाही, काही खातोस-पितोस का विचारायचं नाही. सोबती फार भिडस्त. बस म्हटलं की बसतो. आणि बसून राहिला की त्याला भूक लागते. तो आवाज खातो. आधी बारीक, बांगड्यांचे, पाण्याचे. मग भांड्यांचे. मग नावं. ज्याचं नाव खाल्लं त्याला त्या घरच्या माणसांना कुठूनही हाक मारता येत नाही. सगळी नावं संपली की ते घर थोरल्याचं. पुढं ते घर पाडून कुणी नवं बांधलं तरी जागा तीच राहते, तिथं आई पोराला हाक मारते आणि पोराला ऐकू जात नाही.

"आणि तो दारातून बाहेर पडताना काय म्हणायचं?" मी विचारलं होतं. "काही नाही." "या पण नाही? माझी आई तर तलाठ्याला पण या म्हणते, आणि तो गेला की शिव्या देते." वर्ग हसला. तुम्ही खिडकीबाहेर बघत राहिलात. मग वेळ व्हायची होती तरी शाळा सोडलीत. आम्हाला काय, आम्ही उड्या मारत घरी.

आता आमच्या ह्यांचं सांगते. ह्यांचं रेडिओ दुरुस्तीचं दुकान होतं, आधी पेठेत भाड्यानं, मग घराजवळ, कर्वेनगरला. काम ऐकण्याचं. दिवसभर खरखर ऐकायची आणि त्या खरखरीत गाणं कुठं अडकलंय ते शोधायचं. घरी आले की बोलायला शब्द शिल्लक नसायचे. मी दोघांचं बोलायची. प्रश्न माझा, उत्तर माझं, भांडण माझं, समजूतही मीच काढायची. "बघा, मी काही बोलले नाही असं म्हणू नका," म्हटलं की हे हळूच म्हणायचे, "म्हणणार नाही." आमच्यात ठरलेलं बोलणं एकच. सकाळी दुकानात निघताना हे दारातून म्हणायचे, "येतो." मी आतून म्हणायची, "या." आपल्यात निघताना कुणी 'जातो' म्हणत नाही आणि कुणाला 'जा' म्हणून पाठवत नाहीत. तेवढं एक वाक्य आम्ही कधी चुकवलं नाही, भांडणाच्या दिवशीसुद्धा. त्या दिवशी फक्त 'या' जरा जोरात असायचं.

आणि नाव मी ह्यांचं कधी घेतलं नाही. लग्नात उखाण्यात घेतलं, तेही पदरात. पुढं सगळा संसार 'अहो'वर झाला. लेक लहान असताना चिडवायची, "आई, बाबांचं नाव अहो आहे का गं?" मी म्हणायची, "हो, आडनाव ऐकलंत का."

हे गेले ते गॅलरीतल्या वेताच्या खुर्चीत, दुपारी, कानाशी छोटा रेडिओ धरून. रेडिओ चालूच होता. विधीच्या वेळी नाव विचारलं ते लेकीनं सांगितलं. मी पदर तोंडाला लावून बसले होते. आणि दिवसकार्य उरकून सगळे आपापल्या घरी गेल्यावर मी पहिलं काय केलं असेल, तर चहा टाकला आणि गॅलरीकडे तोंड करून म्हटलं, "अहो, घेता ना घोटभर? बसा, आणते." सवय. दुसऱ्या दिवशी पण सवय. पुढं सवय म्हणायची सोय राहिली नाही, मजा यायला लागली. खुर्चीशी बोलायचं, तिची थट्टा करायची. बाई वेडी झाली म्हणायलाही घरात कुणी नव्हतं. मुकाट मुलूख तर माझ्या डोक्यातून कधीच गेला होता.

पहिल्यांदा बांगड्या गेल्या. दोन काचेच्या, दोन सोन्याच्या घालते मी, बायका नाकं मुरडतात, मुरडू देत. कणीक मळताना त्या वाजतात. एक दिवस वाजेनात. हात हलवून बघितला, एकमेकींवर आपटून बघितल्या. मग बादलीत पाणी सोडलं तर धार दिसतेय, बादली भरतेय, आवाज नाही. कानाच्या डॉक्टरकडे गेले. त्यानं यंत्र लावून तपासलं आणि म्हणाला, "आजी, तुमचे कान माझ्यापेक्षा चांगले आहेत." म्हटलं, "मग तुम्ही दाखवून घ्या कुणाला तरी." घरी येताना रस्त्यावरचं सगळं ऐकू येत होतं, रिक्षा, हॉर्न, कॉलेजची पोरं. जिन्यात माझ्या चपला वाजत होत्या. दार उघडून आत पाय टाकला आणि वाजायच्या थांबल्या. कुणी कानावर हात ठेवावा तसं नाही. खाली गादी अंथरलेली असावी तसं.

मग भांडी. आमच्याकडे काम करणारी बाई फार आपटाआपटी करायची. एक दिवस तिच्या हातून मोठं पातेलं फरशीवर पडलं. मी स्वयंपाकघराच्या दारातच उभी होते. पातेलं पडलं, गरागरा फिरलं, फिरत फिरत थांबलं. काही नाही. तिनं पातेल्याकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं, हात पुसले. म्हणाली, "काकू, तुमच्याकडची भांडी वाजत नाहीत. मला नाही जमायचं." म्हटलं, "अगं, दुसरीकडे वाजली की बोलणी खातेस, इथं बरंय की." ती हसली नाही. दुसऱ्या दिवसापासून आली नाही. कुकरच्या शिट्ट्या तर बंदच होत्या. झाकणावरची शिट्टी नुसती नाचताना बघून मी गॅस बंद करायची.

तेव्हाही मी हसण्यावारीच नेत होते, गुरुजी. पण मग लेकीचा फोन आला. ती विश्रांतवाडीला राहते. "आई, तू मला फोन करून गप्प का बसतेस?" म्हटलं, "मी आणि गप्प?" "काल दहा मिनिटं तू लाईनवर होतीस. मी हॅलो हॅलो करतेय, तिकडून काहीच नाही. श्वाससुद्धा नाही." काल मी गॅलरीत खुर्चीशेजारी बसून तिला शेजारच्या लग्नाची अख्खी गोष्ट सांगितली होती, जेवणातल्या पदार्थांसकट. ती सगळी कुठं गेली? म्हटलं, "नेटवर्क गं." ती म्हणाली, "आई, नेटवर्क गेलं की फोन कट होतो. हे कट नव्हतं होत. कुणीतरी ऐकत बसलंय असं वाटत होतं."

त्याच आठवड्यात ती नातीला घेऊन आली. मी स्वयंपाकघरातून तिला हाक मारली, घरातलं नाव, जन्मल्यापासूनचं. तोंड उघडलं, जीभ हलली, ओठ मिटले. काही आलं नाही. 'इकडे ये' आलं, त्याच्या आधीचं नाव आलं नाही. परत मारली. परत तेच. ती दारात येऊन उभी होती, माझ्या ओठांकडे बघत. "आई, परत म्हण." म्हटलं. तिनं माझे दोन्ही खांदे धरले. "आई, मला हाक मार ना." मला मारता येईना. पोट दुखेल इतक्या जोरात मारली, आणि माझ्या शेजारी भिंतीवरची पालसुद्धा हलली नाही. म्हणून या पत्रात मी कुणाचंच नाव लिहीत नाहीये. कागदावरून जाणार नाही याचा काय भरवसा.

त्या संध्याकाळी मला फळा आठवला. पुसलेला, काळा. आणि त्याच्या मागोमाग तुमची खोली. मी सातवीत असेन. आईनं तुमच्यासाठी खरवस दिला होता. शाळेच्या मागं तुमची खोली, दार लोटलेलं. तुमच्या बायकोला जाऊन तेव्हा बरेच दिवस झाले होते. आत स्टोव्ह पेटलेला, वर चहाचं पातेलं, खाली दोन कपबशा मांडलेल्या. मी उंबऱ्यात उभी राहून "गुरुजी" म्हटलं आणि माझं मलाच ऐकू आलं नाही. तुम्ही वळलात, ओठांवर बोट ठेवलंत, खरवस घेतलात, माझ्या डोक्यावर हात ठेवलात. इतकी वर्षं मला त्यातला खरवसच लक्षात होता, वाटी परत मिळाली नाही म्हणून आईनं मला बोलून घेतलं होतं ते. पण गुरुजी, तो पितळी स्टोव्ह. आमच्या घरी तो पेटला की माणसांना ओरडून बोलावं लागायचं. तुमच्याकडे तो निळा धगधगत होता आणि खोलीत टाचणी पडेल तर ऐकू येईल असं वाटत होतं. टाचणी पडली असती तरी ऐकू आली नसती, हे आता कळतंय.

आणि तुम्ही वर्गात कुणाचं नाव घेत नव्हतात. हजेरीला छडीनं दाखवायचात आणि पोरानं आपलं नाव आपणच सांगायचं. आम्हाला वाटायचं शिस्त आहे. मला तुम्ही 'ए खिडकी' म्हणायचात. सातवीच्या शेवटच्या दिवशी तुम्ही मला मुठीत मावेल एवढी पितळी घंटा दिलीत, आत लोळा नसलेली. मी म्हटलं, "गुरुजी, बक्षीस दिलंत ते पण मोडकं." तुम्ही म्हणालात, "निरोप नीट झाला तर वाजते म्हणतात. माझ्याकडे नाही वाजली. तू बघ." त्याच उन्हाळ्यात तुम्ही गेलात. तुमच्या खोलीत पुढं खताची पोती ठेवायचे. आम्ही पोरं गावभर लपाछपी खेळायचो, तिथं कुणी लपायचं नाही. आत शिरलं की राज्य घेणाऱ्यानं मारलेली हाक ऐकू येत नाही, असं सगळी म्हणायची.

आमची तिथली सोसायटी रीडेव्हलपमेंटला जाणार हे ठरलेलंच होतं. इमारत पाडणार, तिथं उंच टॉवर उभा राहणार, तोवर आम्ही सगळ्यांनी भाड्यानं दुसरीकडे राहायचं. लेकीनं विश्रांतवाडीत तिच्या शेजारच्याच इमारतीत माझ्यासाठी फ्लॅट घेतला. बिल्डरचा माणूस सारखा फोन करायचा, किल्ली कधी देताय. मी गॅलरीत फोन घ्यायची, त्याला बिचाऱ्याला काही ऐकू जायचं नाही. तेवढी मजा मी केली. पण माझी झोप उडाली होती. ह्यांना तसंच खुर्चीत ठेवून किल्ली दिली आणि वर टॉवर उभा राहिला, तर बाराव्या मजल्यावरची कुठली तरी आई पोराला हाक मारत राहणार. आणि माझ्या पोरीचं नाव तर गेलेलंच राहणार. लेकीला मी सगळं सांगितलं, तुमच्या थोरल्यापासून. तिला वाटलं असेल आईचं डोकं फिरलं. पण तिनं तो फोन ऐकलेला होता. ती एवढंच म्हणाली, "तुला काय करायचं ते कर आई. माझं नाव परत आण."

सामान टेम्पोत गेलं. घरात राहिली ती वेताची खुर्ची आणि तुमची घंटा. लेक खाली गाडीत बसली. संध्याकाळ होत आली होती, समोरच्या इमारतीत एकेक दिवा लागत होता. रिकाम्या घरात एरवी स्वतःचा श्वाससुद्धा घुमतो. इथं काही घुमत नव्हतं. मी दार सताड उघडलं, गॅलरीत जाऊन खुर्चीसमोर फरशीवर बसले. तोंडात इतकं बोलणं साठलं होतं. म्हटलं असतं, अहो, तुमच्या मफलरी मी वाटून टाकल्या, एक ठेवलीय. म्हटलं असतं, तो रेडिओ अजून चालतो. नाही म्हटलं. तुमचा नियम. जन्मात पहिल्यांदा मी एखाद्या मास्तराचं ऐकलं.

मग नाव घेतलं. ह्यांचं, वडलांचं, आडनाव. नाव जिभेवर अनोळखी लागलं, दुसऱ्याच्या घरातलं भांडं हातात यावं तसं. आधी वाटलं तेही गेलेलं असेल. पण ते अख्खं वाजलं. त्या घरात कित्येक महिन्यांत पहिल्यांदा काहीतरी वाजलं होतं, आणि ते भिंतींवर आपटून परत आलं.

खुर्चीचा वेत करकरला. कुणी उठलं की करकरतो तसा. बसलेला दबलेला भाग हळूहळू वर आला. माझ्या डाव्या खांद्यापाशी ते येऊन उभं राहिलं, कालव्यावर उभं राहिलं होतं तसंच, आणि या वेळी मी मान वळवली. काही नव्हतं. नसलेलं इतकं स्वच्छ मी कधी पाहिलं नव्हतं. ते माझ्या पुढून हॉलमध्ये गेलं, आणि जिथून जाईल तिथं मागं आवाज उगवत गेले. नळ ठिबकत होता तो ऐकू आला. खिडकीचा सैल गज वाजला. माझ्या बांगड्या वाजल्या. दाराशी ते थांबलं. हे थांबायचे तसंच, चपलेत पाय सरकवायला. मग उंबऱ्याबाहेर. आणि फरशीवर ठेवलेली तुमची घंटा वाजली. एकदाच. वाटीला नख लागावं एवढंच.

मी घंटा पिशवीत टाकली, दार ओढलं आणि जिन्याच्या कठड्यावरून खाली वाकून लेकीला नावानं हाक मारली. अख्खा जिना दणाणला. ती गाडीतून बाहेर आली, वर बघितलं, आणि रस्त्याच्या मधोमध उभी राहून रडायला लागली. एक रिक्षावाला म्हणाला, "ताई, गाडी घ्या की बाजूला, आई कुठं पळून नाही चालली."

लेकीला मी एवढंच सांगितलंय. पुढचं तुमच्यासाठी ठेवलंय, कारण ते तुम्हाला कळेल.

दाराशी ते थांबलं होतं तेव्हा, गुरुजी, मी बोलले. एकच अक्षर. "या," म्हटलं. घंटा वाजली ती त्याच्यानंतर. म्हणजे निरोप नीट झाला म्हणून ती वाजली, का दुसऱ्याच कशासाठी वाजली, ते तुम्हीच जाणा. इतक्या वर्षांची सवय, तोंडातून निसटलं, असं मला म्हणता आलं असतं. पण तुम्हाला थाप मारली तर तुम्ही फळ्याशी उभी कराल. नियम मला पाठ होता. मी पुरता विचार करून म्हटलं. आणि माझी खात्री आहे, तुमच्या त्या खोलीच्या दारात तुम्हीही कधीतरी 'ये' म्हणाला असणार. सगळे नियम आम्हाला घोकायला लावलेत आणि या एका नियमाशी आल्यावर शाळा सोडलीत.

इथं विश्रांतवाडीला पहिले काही दिवस कुकरनं डोकं उठवलं. मग एका सकाळी चहा उकळताना दिसला, ऐकू आला नाही. मी मागं न बघता दुसरा कप काढला. आता आमचं ठरलंय. सकाळी चहाला येतात, दुपारभर बसतात. दिवेलागणीला मी दार उघडून नाव घेते आणि हे निघतात. मी 'या' म्हणते. दुकानात गेल्यासारखं. लेकीचं नाव मी रोज जिन्यात जाऊन म्हणून बघते. अजून खणखणीत आहे. ती विचारते, "आई, तू रोज मला उगीच हाका का मारतेस?" मी म्हणते, "कर्वेनगरची बाकी भरतेय."

फक्त काल संध्याकाळी ह्यांचं नाव घेतलं तर शेवटचं अक्षर वाजलं नाही. परत घेतलं, तरी नाही. हे निघाले, पण जरा रेंगाळून. नाव संपलं की निरोप कशानं द्यायचा, हे तुम्ही शिकवलं नाहीत. आणि त्याच्यानंतर कुणाचं नाव जाईल, ते मला शिकवायला नको. लेकीला यातलं काही सांगितलेलं नाही. सांगायला पाहिजे, आणि आज सांगणार होते, म्हणून पहाटेपासून लिहीत बसलेय.

पाकीटही काढून ठेवलं होतं. पण वर लिहू काय? गावात सगळे तुम्हाला गुरुजीच म्हणायचे. तुमचं नाव मला माहीत नाही, तेव्हा गावात कुणाला माहीत होतं असंही वाटत नाही. म्हणजे तुम्हालाही कुणी निरोप दिला नसणार. कागद घडी करून घंटेखाली ठेवते.

एक कबूल करते. ते अक्षर वाजलं नाही तेव्हा मला भीती वाटायला पाहिजे होती. तशी नाही वाटली. आत्ता पेन कागदावर घासल्याचा आवाज थांबलाय. हे आज लवकर आलेत. चहा टाकते.